हिरव्या काचेतून पाहिलेली पाचवी आज्ञा

पोलंडचे छायालेखक स्वावोमिर इजाक यांच्या कार्याची ओळख

चित्रपट पाहून घरी परतलेल्या मनुष्यास त्यातील नटाचे नाव विचारावे, तो तत्काळ सांगतो. त्यातील गाणी तो गुणगुणून दाखवतो. क्वचित दिग्दर्शकाचे नावही त्याला ठाऊक असते. परंतु पडद्यावर जे जे दिसले ते सारे ज्याच्या डोळ्यांनी आधी पाहिले, कोणत्या चेहऱ्यावर किती उजेड पडावा आणि कोणता कोपरा अंधारात राहावा हे ज्याने ठरविले, त्या छायालेखकाचे नाव सहसा कोणाच्या ओठी नसते. ते नाव पडद्यावर येते आणि जाते. तोवर प्रेक्षक आपली जागा शोधीत असतात. अशाच एका पडद्याआडच्या कारागिराची ओळख आम्ही आज वाचकांस करून देणार आहोत. त्यांचे नाव स्वावोमिर इजाक. पोलंडच्या दूरचित्रवाणीपासून हॉलीवूडपर्यंत त्यांच्या कॅमेऱ्याने मोठा प्रवास केला. पण आम्हांस त्यांच्याविषयी लिहावेसे वाटले ते एका विशेष कारणाने. ‘खून करू नको’ ही पाचवी आज्ञा आपण बालपणापासून पाठ म्हणत आलो आहोत. त्या आज्ञेकडे डोळे उघडून पाहणे किती अवघड असते, हे या मनुष्याने काचेचे साधे तुकडे रंगवून जगाला दाखविले.

छायालेखकाचे काम म्हणजे नेमके काय, हे प्रथम सांगितले पाहिजे. पुष्कळांची अशी समजूत असते की, दिग्दर्शकाने सांगावे आणि कॅमेरावाल्याने कळ दाबावी. वस्तुतः गोष्ट निराळी आहे. आपल्या चर्चमध्ये पूर्वेच्या खिडकीला रंगीत काचा असतील, तर सकाळच्या मिस्साच्या वेळी जमिनीवर पडणारा उजेड आठवून पाहावा. तोच सूर्य, तीच फरशी. पण काच निळी असली की मन शांत होते आणि तांबडी असली की तीच जागा निराळी भासू लागते. छायालेखक हेच करतो. कथेच्या त्या घटकेला कोणता उजेड साजेल, तो बाजूने यावा की वरून, चेहरा जवळून दाखवावा की दुरून, कोणती वस्तू चौकटीबाहेर ठेवावी, याचा निर्णय त्याला करावा लागतो. लेखकाच्या हाती जशी शब्दांची निवड, तशी याच्या हाती उजेडाची. आणि निवड म्हटली की जबाबदारी आलीच.

फोटोग्राफरांच्या घरातील मुलगा

इजाक यांचा जन्म २५ जानेवारी १९४५ रोजी कातोवित्से या गावी झाला. दक्षिण पोलंडच्या सायलेशिया प्रांतातील हे शहर कोळशाच्या खाणी आणि लोखंडाचे कारखाने यांसाठी प्रसिद्ध होते. दुसरे महायुद्ध संपत आले होते. ज्या आठवड्यात या मुलाने जगात पहिला श्वास घेतला, त्याच आठवड्यात जर्मन सैन्य हटून रशियन सैन्य शहरात शिरले. घराणे छायाचित्रकारांचे. सुताराच्या मुलाच्या हाती जसा लहानपणीच रंधा येतो, तसा याच्या हाती कॅमेरा आला. काच, काळोखी खोली आणि रसायनांत हळूहळू उमटत जाणारा चेहरा ही त्याच्या घरचीच वस्तू होती.

पुढे त्यांनी वूच येथील राष्ट्रीय चित्रपट विद्यालयात शिक्षण घेतले. आपल्याकडच्या नकाशांत या शहराचे नाव लोद्झ असे छापलेले आढळते. १९४८ मध्ये स्थापन झालेले हे विद्यालय जगातील नामांकित चित्रपट-शाळांपैकी एक होय. आंजेय वायदा, रोमान पोलान्स्की, क्शिश्तोफ झानुसी, क्शिश्तोफ किश्लोव्स्की ही सर्व मंडळी तेथूनच बाहेर पडली. इजाक यांनी १९६९ मध्ये तेथील अभ्यासक्रम पुरा केला. या शाळेने आणि एकंदर पोलिश चित्रसृष्टीने एक चांगली रीत जोपासली होती. छायालेखक हा दिग्दर्शकाचा चाकर नसून जोडीदार आहे, त्याने कथा लिहिली जात असतानाच तिच्यात लक्ष घालावे, असे तेथे मानीत. इजाक यांनी ही रीत जन्मभर पाळली.

भुयारी रस्त्यातील दहा रात्री

त्या काळी पोलंडमध्ये साम्यवादी राजवट होती आणि दूरचित्रवाणी सरकारी होती. तरुण कलावंतांना पहिली कामे तेथेच मिळत. १९७३ साली किश्लोव्स्की यांनी दूरचित्रवाणीसाठी ‘भुयारी रस्ता’ नावाचा अर्ध्या तासाचा लहानसा चित्रपट केला. त्याचे छायालेखन इजाक यांचे होते. वॉर्सा शहराच्या मध्यभागी रस्त्याखालून जाणाऱ्या वाटेत एक दुकान आहे. खेड्यातील आपल्या नवऱ्याला सोडून आलेली एक शिक्षिका तेथे दर्शनी खिडक्या सजविण्याचे काम करते. नवरा, तोही शिक्षकच, एका रात्री तिला परत न्यावयास येतो. एवढीच कथा.

चित्रीकरणास दहा रात्री मिळाल्या होत्या. नऊ रात्री काम झाल्यावर किश्लोव्स्की यांच्या ध्यानात आले की, आपण जे टिपीत आहोत ते खोटे आहे. पात्रे बोलतात, पण जगत नाहीत. उरलेल्या एका रात्रीत त्यांनी लहान कॅमेरा हातात धरून सारी कथा पुन्हा एकदा चित्रित करविली. नटांनी पुढच्या क्षणी काय करावे हे आधी न ठरविता, जे घडेल ते टिपावयाचे, असे ठरले. त्या एका रात्रीच्या धावपळीतील पुष्कळसा भाग अखेरच्या चित्रपटात राहिला. नऊ रात्रींची मेहनत बाजूस ठेवण्यास धैर्य लागते; दिग्दर्शकाइतकेच ते कॅमेरा धरणाऱ्यालाही लागते. सुबक दिसणारे चित्र आणि खरे चित्र यांत निवड करण्याची वेळ आली तर काय करावे, याचा हा पाठ दोघांनाही पुढे उपयोगी पडला. १९७६ मधील ‘व्रण’ हा किश्लोव्स्की यांचा चित्रपटही इजाक यांनीच चित्रित केला. एका गावावर लादलेल्या रासायनिक कारखान्याची ती कथा आहे.

याच सुमारास त्यांची झानुसी यांच्याशी जोडी जमली. झानुसी यांनी आधी पदार्थविज्ञान आणि तत्त्वज्ञान यांचा अभ्यास केला होता आणि मनुष्याच्या सदसद्विवेकबुद्धीचा प्रश्न त्यांच्या चित्रपटांतून सतत डोकावतो. त्यांच्या ‘स्थिरांक’ या १९८० च्या चित्रपटातील तरुण नायक आपल्या कार्यालयातील पैशांच्या लबाडीत वाटा घेण्याचे नाकारतो आणि म्हणूनच सर्वांना तो नकोसा होतो. हिमालयावर चढून जाण्याचे त्याचे स्वप्न असते. ते राहून जाते. या चित्रपटास कान येथील महोत्सवात परीक्षक मंडळाचे पारितोषिक मिळाले, तसेच कॅथलिक व प्रॉटेस्टंट परीक्षकांच्या संयुक्त मंडळाचेही पारितोषिक मिळाले. १९८१ मध्ये झानुसी यांनी पोप दुसरे जॉन पॉल यांच्या जीवनावर ‘दूरच्या देशातून’ हा चित्रपट काढला, त्याचेही छायालेखन इजाक यांनीच केले. पुढे १९८४ मध्ये ‘शांत सूर्याचे वर्ष’ आला. युद्धानंतरच्या उद्ध्वस्त पोलंडमध्ये एक अमेरिकन शिपाई आणि एक पोलिश विधवा एकमेकांची भाषा येत नसताना एकमेकांना समजून घेऊ पाहतात, असा त्याचा विषय. व्हेनिसच्या महोत्सवाचा सुवर्णसिंह हा सर्वश्रेष्ठ मान त्या चित्रपटास मिळाला.

दहा आज्ञा, दहा चित्रपट

आता आम्ही मुख्य विषयाकडे वळतो. १९८० नंतरचा काळ पोलंडला फार जड गेला. डिसेंबर १९८१ मध्ये तेथे लष्करी कायदा पुकारला गेला. कामगारांची संघटना दडपली गेली. ऑक्टोबर १९८४ मध्ये कामगारांच्या बाजूने निर्भयपणे उपदेश करणारे तरुण धर्मगुरू फादर येझी पोप्येवुश्को यांना सरकारी गुप्त पोलिसांनी पळवून नेऊन ठार मारले. २०१० मध्ये ख्रिस्तसभेने त्यांना धन्यवादितांच्या मालिकेत समाविष्ट केले, हे वाचकांस स्मरत असेल. त्यांच्या खुनाचा जो खटला चालला, त्यात मृताच्या बाजूने उभे राहिलेल्या वकिलांपैकी एक होते क्शिश्तोफ पियेसेविच. हेच वकील किश्लोव्स्की यांचे सहलेखक. दहा आज्ञांवर चित्रपट करावा, ही सूचना त्यांचीच. किश्लोव्स्की, झानुसी आणि पियेसेविच या तिघांचेही नाव क्शिश्तोफ, म्हणजे आपल्याकडील ख्रिस्तोफर, हा एक मौजेचा योगायोग.

अशा रीतीने ‘दशाज्ञा’ ही दहा भागांची मालिका पोलिश दूरचित्रवाणीसाठी तयार झाली. प्रत्येक भाग सुमारे तासाभराचा. स्थळ बहुतेक एकच, वॉर्सा शहरातील उंच इमारतींची एक वसाहत. किश्लोव्स्की यांनी ठरविले की, प्रत्येक भागासाठी शक्यतो निराळा छायालेखक घ्यावयाचा, म्हणजे प्रत्येक आज्ञेला स्वतःची दृष्टी मिळेल. दहा भागांना नऊ छायालेखक लाभले; एकाने मात्र दोन भाग केले. पाचवा भाग इजाक यांच्याकडे आला. याच भागाचा मोठा चित्रपटही करण्यात आला, ‘वधाविषयी एक लहान चित्रपट’. १९८८ मध्ये तो प्रदर्शित झाला.

कथा सांगतो. यात्सेक नावाचा वीस-एकवीस वर्षांचा तरुण एके दिवशी वॉर्सामध्ये दिशाहीन भटकत असतो. खिशात दोर आहे. तो एका टॅक्सीत बसतो, गाडी गावाबाहेरच्या निर्जन जागी न्यावयास सांगतो आणि तेथे चालकाला दोराने व दगडाने ठार मारतो. चालकाशी त्याचे काही वैर नाही. नंतर खटला होतो, फाशीची शिक्षा होते आणि सरकारी नोकर त्याला विधिपूर्वक फाशी देतात. नुकताच परवाना मिळालेला तरुण वकील त्याचा बचाव करू शकत नाही. बस्, इतकेच. पहिला वध पडद्यावर कित्येक मिनिटे चालतो, दुसऱ्याची तयारीही तितक्याच सावकाशीने दाखविली आहे.

इजाक यांनी हे कथानक वाचले आणि त्यांना त्याची किळस आली. ते त्यांनी किश्लोव्स्की यांना उघड सांगितले. चित्रीकरण करावयाचेच असेल तर एका अटीवर करीन, असे त्यांचे म्हणणे पडले. सारे चित्र हिरवे करावयाचे आणि आपल्या रंगीत काचांनी जगाचा मोठा भाग अंधारात बुडवावयाचा. किश्लोव्स्की यांनी ही अट मान्य केली.

काचेचे तुकडे

ही युक्ती समजावून घेण्यासारखी आहे. कॅमेऱ्याच्या भिंगापुढे रंगीत काच धरली असता तिच्यातून त्या रंगाचा उजेड आत जातो आणि बाकीचा अडतो. अशा काचेस फिल्टर म्हणतात. साधारण छायालेखक बाजारात मिळणारे फिल्टर वापरतो. इजाक यांनी ते स्वतःच्या हाताने तयार केले. एखादी काच कडेला गडद आणि मध्ये निवळ, एखादी वरून काळवंडत खाली येणारी, एखादी एका कोपऱ्यापुरतीच रंगवलेली. दृश्यागणिक काच बदलावयाची. यात्सेक चालत असला तर त्याच्याभोवतीचे शहर अंधारात विरघळून जावे आणि मध्ये फक्त तो उरावा, अशी ही योजना.

हिरवा रंग आपण पावसाळ्याचा, कोवळ्या भाताचा, आशेचा मानतो. पोलंडमध्येही तो वसंताचा आणि आशेचाच रंग. परंतु हिरव्या काचेतून माणसाचा चेहरा पाहिला तर तो आजारी दिसतो, आभाळ साकळलेल्या पाण्यासारखे होते, भिंतींना जणू शेवाळ चढते. आशेचा रंग लावूनच इजाक यांनी आशा नसलेले जग दाखविले. किश्लोव्स्की यांनीही पुढे हेच नमूद केले की, या काचेमुळे जग अधिक क्रूर, अधिक रिते दिसू लागले.

यात आणखी एक विचार आहे आणि तोच आम्हांस मोलाचा वाटतो. खुनाचे दृश्य चित्रपटांत पुष्कळदा असे रंगविलेले असते की, पाहणाऱ्यास त्याची चटक लागावी. चकाकणारी सुरी, वेगाने फिरणारा कॅमेरा, मागे वाजणारे वाद्य. प्रेक्षक भीतीने ओरडतो, पण मनातून त्याला ते आवडते. इजाक यांच्या काचेने ही वाट बंद केली. तेथे पाहण्यात सुख नाही. खून हे जड, गलिच्छ आणि लांबलेले काम आहे, मरणारा मनुष्य सहजासहजी मरत नाही, हे ती काच सांगते. मारला जाणारा टॅक्सीचालक मोठा सज्जन आहे असेही दाखविलेले नाही. तो गिऱ्हाइकांना थांबवून ठेवून मुद्दाम निघून जातो, इतरांना त्रास देण्यात त्याला गंमत वाटते. आज्ञेने मात्र ‘चांगल्या माणसाचा खून करू नको’ असे म्हटलेले नाही.

आणि मग दुसरा वध. येथे सरकारचे अधिकारी आहेत, कायद्याचा कागद आहे, धर्मगुरूही उपस्थित आहेत. सारे काही नियमाने चालले आहे. फाशीच्या यंत्राला तेल घातले आहे ना, पडदा नीट सरकतो ना, याची कोणी तपासणी करतो. छायालेखकाला येथे स्वच्छ पांढरा उजेड पाडता आला असता आणि प्रेक्षकाच्या मनाला सांगता आले असते की, तो गुन्हा होता आणि हा न्याय आहे. इजाक यांनी ती सोय करून दिली नाही. दोन्ही मृत्यू त्यांनी एकाच कोंदट जगात ठेवले आणि निवाडा पाहणाऱ्याच्या विवेकावर सोपविला.

पहिल्या कम्युनियनचा फोटो

या अंधारात एक लहानसा उजळ कागद आहे. खुनाआधी भटकताना यात्सेक एका फोटोच्या दुकानात जातो. त्याच्याजवळ एका मुलीच्या पहिल्या कम्युनियनचा जुना, चुरगळलेला फोटो असतो. तो मोठा करून हवा आहे. तो दुकानातील बाईला विचारतो, फोटोतील माणूस जिवंत आहे की नाही हे फोटोवरून कळते म्हणतात, ते खरे काय? बाईला हा प्रश्न वेडगळ वाटतो. आपण त्या वेळी तो विसरून जातो.

फाशीच्या अगोदर कोठडीत यात्सेक वकिलाला जे सांगतो, तेव्हा त्या फोटोचा अर्थ कळतो. मुलगी त्याची धाकटी बहीण मारिशा. पाच वर्षांपूर्वी गावातल्या एका मित्राबरोबर तो दारू पीत बसला होता. मित्र पिऊन ट्रॅक्टर चालवावयास निघाला आणि ट्रॅक्टर मारिशाच्या अंगावरून गेला. ती बारा वर्षांची होती. त्यानंतर त्याला गावात राहवेना, घर सुटले, शहर हाती आले आणि शहरात त्याचे कोणी नव्हते. ती जगती तर कदाचित मी गाव सोडलाच नसता, असे त्याच्या बोलण्यातून निघते. मोठा केलेला फोटो आईला पोचवावा आणि वडील व बहीण यांच्याशेजारी आपल्याला जागा मिळावी, एवढेच त्याचे मागणे.

वाचकहो, हे कथानक दूर देशचे खरे, परंतु खेड्यात राहणाऱ्या कोणत्या कुटुंबास ते परके वाटेल? दारू आहे, शेतावरचे वाहन आहे, पहिल्या कम्युनियनच्या पांढऱ्या झग्यातील मुलीचा फोटो भिंतीवर आहे आणि घर सोडून गेलेला, पत्र न लिहिणारा मुलगा आहे. यात्सेकचा गुन्हा या दुःखाने क्षम्य होत नाही; चित्रपट तसे म्हणतही नाही. तो इतकेच म्हणतो की, ज्याला तुम्ही खुनी म्हणून ओळखता तो कोणाचा तरी भाऊ आहे, हे पाहिल्यावाचून निवाडा करू नका. फोटोग्राफरांच्या घरात वाढलेल्या छायालेखकाने तो जुना कागद किती हळुवारपणे टिपला असेल, याची कल्पना करता येते.

या चित्रपटास मे १९८८ मध्ये कान येथे परीक्षक मंडळाचे पारितोषिक मिळाले आणि त्याच वर्षी प्रथमच दिल्या गेलेल्या युरोपीय चित्रपट पारितोषिकांत तो सर्वोत्कृष्ट ठरला. त्याहून मोठी गोष्ट पोलंडमध्ये घडली. मृत्युदंड असावा की नसावा, यावर तेथे वाद चाललाच होता. या चित्रपटाने तो घरोघरी नेला. पोलंडमधील अखेरची फाशी एप्रिल १९८८ मध्ये दिली गेली. त्यानंतर शिक्षेची अंमलबजावणी थांबली आणि १९९८ मध्ये अमलात आलेल्या नव्या दंडसंहितेतून मृत्युदंड कायमचा वगळला गेला. एका चित्रपटाने कायदा बदलला असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. राजवटच बदलत होती. पण लोकांची मने मऊ करण्यात त्याचा वाटा होता, हे निश्चित. चित्रपटकलेस शंभर वर्षे झाली तेव्हा, १९९५ मध्ये, व्हॅटिकनने ४५ उल्लेखनीय चित्रपटांची यादी प्रसिद्ध केली, तीत ‘दशाज्ञा’ मालिकेस स्थान मिळाले. २०१८ मध्ये पोप फ्रान्सिस यांनी धर्मशिक्षणग्रंथातील या विषयाचा परिच्छेद बदलून मृत्युदंड स्वीकारार्ह नाही, असे स्पष्ट केले. वकील पियेसेविच आणि त्यांचे सोबती त्या दिशेने तीस वर्षे आधी निघाले होते.

सोनेरी आणि निळे

हिरव्या अंधाराचा हा कारागीर फक्त अंधारच जाणत होता असे नाही. १९९१ च्या ‘व्हेरोनिकचे दुहेरी जीवन’ या किश्लोव्स्कींच्या चित्रपटात त्यांनी सोनेरी-पिवळी काच वापरली. पोलंडमध्ये एक आणि फ्रान्समध्ये एक अशा दोन मुली अगदी सारख्या, एकमेकींस न ओळखणाऱ्या. पोलंडची मुलगी गात असताना रंगमंचावर कोसळून मरते आणि फ्रान्समधील मुलीस कारणावाचून शोक होतो. त्या चित्रपटातील उजेड दिव्याच्या तेलासारखा ऊबदार आहे. एकाच माणसाच्या हातची काच एकदा मृत्यूची थंडी आणते आणि एकदा प्राणाची ऊब, हे पाहण्यासारखे आहे.

त्यानंतर १९९३ मध्ये ‘तीन रंग : निळा’ आला. फ्रान्सच्या ध्वजातील तीन रंगांवर किश्लोव्स्की यांनी तीन चित्रपट केले. त्यांपैकी पहिला इजाक यांचा. या वेळी कथानकाचा सल्लागार म्हणूनही त्यांचे नाव पडद्यावर आले. मोटार-अपघातात ज्यूली नावाच्या स्त्रीचा संगीतकार नवरा आणि लहान मुलगी मरण पावतात. ती उरते. रुग्णालयात डॉक्टर तिला ही वार्ता सांगतो, तेव्हा आपल्याला डॉक्टर समोरून दिसतच नाही. ज्यूलीचा डोळा सारा पडदा व्यापतो आणि त्या डोळ्यात डॉक्टरचे लहानसे प्रतिबिंब हलते. दुःख मनुष्यास कसे कोंडून घालते, हे शब्दावाचून सांगितले गेले. दुसऱ्या एका प्रसंगी ती कॉफीच्या पेल्याला साखरेचा चौकोनी खडा टेकवते आणि कॉफी त्या खड्यात चढत जाते. हा खडा साधारण पाच सेकंदांत भिजला पाहिजे, अधिक वेळ घेतला तर प्रेक्षक कंटाळेल, म्हणून किश्लोव्स्की यांच्या सहायकाने अर्धा दिवस निरनिराळे खडे भिजवून पाहिले. लहान गोष्टीत एवढी निष्ठा असेल तरच मोठी गोष्ट साधते, असे आम्हांस वाटते.

ज्यूली जगापासून तुटू पाहते. पण प्रेम तिला तुटू देत नाही. अपघातस्थळी सापडलेली तिची क्रूस असलेली साखळी एक मुलगा परत द्यावयास येतो; ती त्यालाच ती ठेवावयास सांगते. चित्रपटाच्या शेवटी संत पौलाने करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्रातील प्रीतीविषयीचा तेरावा अध्याय ग्रीक भाषेत गायिला जातो आणि निळ्या उजेडातून एकेक चेहरा पुढे येतो. अखेरीस ज्यूलीच्या डोळ्यांत पाणी येते. चित्रपटभर तिला हवे तसे रडू आलेले नसते. व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटास सुवर्णसिंह मिळाला आणि उत्कृष्ट छायालेखनाचा मान इजाक यांना मिळाला. मार्च १९९६ मध्ये किश्लोव्स्की वयाच्या अवघ्या चौपन्नाव्या वर्षी निवर्तले आणि ही जोडी संपली.

दूरच्या बाजारपेठेत

पुढील काळात इजाक अमेरिका आणि इंग्लंड येथील मोठ्या चित्रपटांकडे वळले. त्यांची सर्व नावे येथे देण्याचे प्रयोजन नाही. १९९७ चा ‘गटाका’ मात्र सांगण्याजोगा आहे. जन्मतःच रक्त तपासून मनुष्याची योग्यता ठरविणाऱ्या एका भावी जगाची ती कथा. त्या जगाने नापास ठरविलेला एक तरुण निश्चयाच्या बळावर अंतराळात जाण्याचे आपले स्वप्न पुरे करतो. इजाक यांनी त्या निर्दोष जगाला पिवळसर, धातूसारखी झळाळी दिली, म्हणजे त्याचा थंडपणा डोळ्यांना जाणवावा. २००१ च्या ‘ब्लॅक हॉक डाउन’ या रिडली स्कॉट यांच्या चित्रपटाने त्यांना ऑस्करचे नामांकन मिळवून दिले. १९९३ मध्ये सोमालियाच्या मोगादिशू शहरात झालेल्या लढाईचे ते चित्रण मोरोक्को देशात करण्यात आले. २००७ मध्ये हॅरी पॉटर मालिकेतील पाचवा चित्रपटही त्यांनी चित्रित केला. ज्या मुलांनी तो पाहिला, त्यांच्यापैकी फारच थोड्यांना ठाऊक असेल की, ‘वधाविषयी एक लहान चित्रपट’ ज्याने काच रंगवून टिपला, तोच हा हात.

उतारवयात त्यांनी तरुणांसाठी ‘फिल्म स्प्रिंग ओपन’ नावाची कार्यशाळा चालविली. थोड्या पैशांत, थोड्या माणसांत आणि नव्या साधनांनी चित्रपट कसा करावा, हे तेथे शिकवले गेले. स्वतः काच रंगवून काम भागविलेल्या मनुष्याने हा धडा द्यावा, हे योग्यच होय.

हा लेख वाचून ज्यांना हे चित्रपट पाहावेसे वाटतील, त्यांना एक सूचना करणे आमचे कर्तव्य आहे. ‘वधाविषयी एक लहान चित्रपट’ लहान मुलांपुढे लावू नये. तो प्रौढांसाठी आहे आणि प्रौढांनाही तो सोसणे जड जाते. घरातील कर्त्या माणसांनी तो एकत्र बसून पाहावा, दिवा लावावा आणि लगेच झोपी न जाता थोडे बोलावे. ‘निळा’ हा चित्रपट, ज्यांच्या घरी अलीकडे कोणाचे निधन झाले आहे त्यांनी आपले मन पाहून मगच पाहावा.

आजकाल प्रत्येकाच्या हाती कॅमेरा आला आहे. रस्त्यावर अपघात झाला की, जखमी माणसाला उचलण्याआधी त्याचे चित्र टिपणारे हात पुढे येतात आणि ते चित्र घटकाभरात गावोगाव पोचते. कोणा कैद्याला मारहाण होते, तेही लोक मिटक्या मारीत पाहतात. अशा वेळी आम्हांस त्या पोलिश छायालेखकाची आठवण होते. मनुष्याच्या मरणाचे चित्र टिपण्याची पाळी आली तेव्हा त्याला प्रथम किळस आली, ती त्याने लपविली नाही. त्या किळसेलाच त्याने काचेवर रंग दिला, म्हणजे पाहणाऱ्यालाही ती यावी आणि मरणाऱ्याची लाज राखली जावी. टिपणाऱ्या हाताला हे भान असले पाहिजे, आणि पाहणाऱ्या डोळ्यालाही. पाचवी आज्ञा आपण ओठांनी पाळतो. ती डोळ्यांनीही पाळावयाची असते, एवढे या निमित्ताने प्रत्येक कुटुंबाने आपल्या मुलांस सांगावे, अशी आमची विनंती आहे.